फोटोत थायमस दिसली तर बरंच आहे, दिसली नाही तर विचारा

प्रश्न थोडक्यात असा आहे. चोपडा तालुक्यातलं साडेचार महिन्यांचं बाळ, मुलगा, वजन पावणेसात किलो, अंगावरचं दूध नीट पितो. आठवडाभर खोकला हटला नाही म्हणून छातीचा फोटो काढला. रिपोर्टमध्ये हृदयाच्या वर, उजवीकडे रुंद सावली आणि पुढे ‘थायमस मोठी?’ असं प्रश्नचिन्हासकट लिहिलंय. एका दवाखान्यात टीबीची औषधं सुरू करायला सांगितली, दुसऱ्या ठिकाणी सीटी स्कॅन. मधल्या काळात घरात कॅन्सरचा शब्दही निघून गेला. शिवाय बाळाच्या आजोबांचा जोडप्रश्न: थायमस ही छातीतली ग्रंथी वयाबरोबर वाळते म्हणतात, मग प्रतिकारशक्तीसाठी तिला परत वाढवायचं काही औषध आहे का?

आधी निकाल सांगतो, कारणं मागाहून. या वयाच्या, अंगाने भरलेल्या आणि दूध पिणाऱ्या बाळाच्या फोटोत थायमस ठसठशीत दिसणं ही चांगली खूण आहे. त्याला औषध नाही, कारण तो आजार नाही. नुसत्या या सावलीवर टीबीची औषधं सुरू करू नयेत. सीटीची घाई नको, त्याआधी सोनोग्राफी. घाबरायचं ते उलट्या बाजूने: वारंवार आजारी पडणाऱ्या, वजन न धरणाऱ्या तान्ह्या बाळाच्या फोटोत थायमसची सावली शोधूनही सापडत नसेल तेव्हा. आणि नेमकं तेच सहसा कोणी बघत नाही.

पहिला गोंधळ नावाचा. थायमस म्हणजे थायरॉइड नव्हे. थायरॉइड गळ्यात असते, तिची टीएसएचची तपासणी असते, तिची गोळी असते. थायमसचं यातलं काहीच नाही. ती छातीच्या मधल्या हाडाच्या मागे आणि हृदय व मोठ्या रक्तवाहिन्यांच्या पुढे पसरलेली असते. लहान मुलाच्या हृदयाच्या ऑपरेशनमध्ये छातीचं हाड उघडलं की सर्जनला सगळ्यात आधी हृदय दिसत नाही, थायमस दिसते: गुलाबी-करडी, दोन खंडांची, मऊ, हृदयाच्या आवरणावर ओढणीसारखी पडलेली आणि खालच्या ठोक्याबरोबर हलणारी. हा मऊपणा लक्षात ठेवा, फोटो वाचताना तोच कामी येतो.

जन्मतः तिचं वजन साधारण १० ते १५ ग्रॅम. वयात येईपर्यंत ते ३० ते ४० ग्रॅमपर्यंत जातं. पण शरीराच्या मानाने बघितलं तर ती सगळ्यात मोठी असते तान्हेपणीच. त्यानंतर तिच्या कामाच्या भागाची जागा हळूहळू चरबी घेते. मराठी परिभाषेत तिला ‘यौवनलोपी ग्रंथी’ म्हणतात. नाव छान आहे, पण दोन्ही बाजूंनी थोडं फसवं. ती यौवनात अचानक लोप पावत नाही, कामाचा भाग कमी होणं पहिल्या वर्षानंतरच सुरू झालेलं असतं. आणि पुढेही ती पूर्ण लोपत नाही, साठीच्या माणसातही थोडंफार काम चालू असतं.

तिचं काम काय, हे वैद्यकाला फार उशिरा कळलं. १९६१ साली जॅक मिलर यांनी नुकत्याच जन्मलेल्या उंदरांची थायमस काढून पाहिली. त्या उंदरांच्या रक्तातल्या लिम्फोसाइट पेशी घटल्या, साध्या जंतुसंसर्गाने ते मरू लागले, आणि दुसऱ्या जातीच्या उंदराची कातडी त्यांच्या अंगावर लावली तर ती झडली नाही, तशीच जगली. परकं काय आणि आपलं काय हे ओळखणारी यंत्रणाच उभी राहिली नव्हती. तोवर बहुतेकांच्या लेखी ही ग्रंथी बिनकामाची होती.

ती यंत्रणा कशी उभी राहते ते सांगायला रावेर-यावलचं केळीचं पॅकहाउस बरं पडेल. अस्थिमज्जेतून कच्च्या पेशी थायमसमध्ये येतात. तिथे प्रत्येक पेशी स्वतःची एक ओळख-खाच तयार करते. ही खाच जनुकांचे तुकडे उलटसुलट जोडून, बऱ्याच अंशी नशिबाने बनते, म्हणून कोट्यवधी वेगवेगळ्या खाचा तयार होतात. अजून जगात न आलेल्या विषाणूलाही त्यातली एखादी बसू शकते. पण नशिबाने बनलेल्या मालात टाकाऊ जास्त. म्हणून दोन टेबलांवर निवड होते. पहिलं टेबल ग्रंथीच्या बाहेरच्या थरात. इथे पेशीला शरीराच्या स्वतःच्या ओळखपट्ट्यांना (ज्यांना एमएचसी म्हणतात) हलकेच धरता आलं पाहिजे. ज्यांना धरताच येत नाही त्या बाद, जशी न भरलेली बारीक फणी बाजूला पडते. दुसरं टेबल आतल्या गाभ्यात आणि तिथली परीक्षा उलटी: शरीराचाच एखादा भाग जी पेशी घट्ट पकडते ती बाद. पॅकहाउसवाल्यांना कारण समजावायला नको. एक पिकलेलं केळ बॉक्समध्ये गेलं की कंटेनर पोहोचेपर्यंत सगळा बॉक्स पिकलेला असतो.

पण साम्य इथेच संपतं. कुठलंही पॅकहाउस इतका माल फेकून चालणार नाही. थायमसमध्ये तयार होणाऱ्या पेशींपैकी ९५ टक्क्यांहून जास्त तिथेच मरतात, उरलेल्या मूठभर टी-पेशी म्हणून रक्तात जातात.

दुसऱ्या टेबलाची एक करामत मुद्दाम सांगण्यासारखी आहे. स्वादुपिंडात बनणारं इन्सुलिन थायमसमध्ये कशाला असेल? तरी तिथल्या पेशी ‘एअर’ नावाच्या जनुकाच्या जोरावर इन्सुलिनसकट शरीरभरच्या प्रथिनांचे नमुने थोडे थोडे बनवून मांडतात, म्हणजे त्यांच्यावर तुटून पडणारी पेशी बाहेर जाण्याआधीच पकडली जाते. हे जनुक बिघडलेल्या मुलांमध्ये तोंडात-नखांत बुरशी, कॅल्शियम कमी, अधिवृक्क ग्रंथी निकामी, असे एकामागून एक आजार निघतात. आणि दोन टेबलांतूनही काही चुकार पेशी निसटतातच. त्यांना आवरणाऱ्या नियामक टी-पेशीही मुख्यतः थायमसमध्येच घडतात. त्याच शोधासाठी २०२५ चं वैद्यकातलं नोबेल मेरी ब्रंकाउ, फ्रेड रॅम्सडेल आणि शिमोन साकागुची यांना मिळालं. साकागुचींची सुरुवातही थायमस काढलेल्या तीन दिवसांच्या उंदरांपासूनच झाली होती. त्या उंदरांत प्रतिकारशक्ती कमी पडण्याऐवजी ती अंगावरच उलटली होती.

आता बाळाच्या फोटोकडे.

साधारण दोन-तीन वर्षांपर्यंत थायमस फोटोत दिसणं स्वाभाविक आहे. सावली हृदयाच्या वरच्या भागाला चिकटून, वरच्या बाजूला रुंद. कधी उजवीकडे होडीच्या शिडासारखा त्रिकोण निघतो, खालची कड सरळ. ग्रंथी मऊ असल्यामुळे फासळ्यांचा दाब पडून तिची बाहेरची कड लाटेसारखी वरखाली दिसते. ही लाट दिसली की गाठीची शंका बरीचशी मिटते, कारण कडक गाठीला फासळ्या असे खळगे पाडू शकत नाहीत. आणखी दोन गोष्टी बघायच्या: श्वासनळी एका बाजूला ढकलली गेलेली नाही ना, आणि सावलीतून मागच्या फुप्फुसाच्या रक्तवाहिन्यांच्या रेषा दिसतात का. दिसत असतील तर ती थायमस. न्यूमोनियाचा पांढरा पट्टा त्या रेषा झाकून टाकतो आणि त्यात हवेच्या काळ्या फांद्या दिसतात.

फोटो कसा काढला यावर अर्धा निकाल असतो. तान्हं बाळ पाठीवर निजवून, दोघांनी हात-पाय धरून, ते रडत असताना फोटो निघतो. रडताना श्वास बाहेर असतो आणि तेवढ्याने थायमसची सावली चांगलीच रुंद होते, श्वासनळी थोडी उजवीकडे वाकलेलीही दिसते. म्हणून आधी छाती-पोटामधल्या पडद्याच्या वर पुढच्या फासळ्या मोजाव्यात: पाच-सहा दिसल्या तर श्वास पुरेसा आत घेतलेला होता, तीन-चारच दिसत असतील तर रुंदीवर काही बोलू नये. दोन्ही हंसळ्यांची (गळ्याखालच्या आडव्या हाडांची) आतली टोकं मणक्यापासून सारख्या अंतरावर नसतील तर बाळ वळलेलं होतं, आणि मग एका बाजूचं शीड उगाच मोठं दिसतं. अशा फोटोवर ‘हृदय मोठं’, ‘वरच्या भागात न्यूमोनिया’, ‘गाठी’ असे तिन्ही रिपोर्ट लिहिले जातात.

शंका राहिलीच तर सोनोग्राफी. रेडिएशन नाही, भूल नाही, सरळ प्रोब छातीच्या हाडाच्या बाजूला आणि गळ्याच्या खळगीत ठेवला की झालं. थायमसचं चित्र ठरलेलं असतं: एकसारखी करडी पार्श्वभूमी, तीत पांढरे ठिपके आणि बारीक रेषा, चांदण्या पडल्यासारखी. हृदयाच्या ठोक्याबरोबर तिचा आकार बदलतो, खालच्या रक्तवाहिन्या दबत नाहीत. जळगाव, धुळे, नंदुरबार तिन्हीकडे हे करणारे रेडिओलॉजिस्ट आहेत; चिठ्ठीवर ‘थायमस बघा’ असं स्पष्ट लिहून द्यावं लागतं, नाहीतर पोटाची सोनोग्राफी होऊन येते.

पूर्वी एक युक्ती होती: आठवडाभर स्टेरॉइड द्यायचं, सावली आक्रसली तर थायमस. आता असं करू नये. रक्ताचा किंवा लसिकाग्रंथींचा कॅन्सर असेल तर स्टेरॉइडने तोही तात्पुरता आक्रसतो आणि रोगाचं निदान महिनाभर लांबतं.

गाठीचा संशय खरोखर कधी घ्यायचा? बाळ निजवलं की श्वासाला आवाज येतो आणि उचलून धरलं की कमी होतो, चेहरा-मान सुजलेली, गळ्याच्या शिरा फुगलेल्या, श्वासनळी ढकललेली, सावलीत चुन्याचे ठिपके, किंवा मूल तीन वर्षांपुढचं आहे, आधीचा फोटो स्वच्छ होता आणि आता रुंद सावली, सोबत ताप, फिकटपणा, अंगावर निळे डाग. यातलं काहीही असेल तर सीबीसी-स्मिअर (रक्तपेशींची मोजणी आणि काचपट्टीवरची तपासणी) आणि सीटी त्याच दिवशी. मात्र मोठ्या आजारातून, भाजण्यातून किंवा केमोनंतर मूल बरं होताना थायमस उसळी मारून आधीपेक्षाही मोठी होते. ‘न्यूमोनिया बरा झाला पण फोटो बिघडला’ असं वाटतं ते बऱ्याचदा यामुळे.

टीबीबद्दल स्पष्ट बोललं पाहिजे, कारण खान्देशात टीबी आहे आणि तान्ह्या बाळाला तो झाला तर पसरतोही पटकन. पण त्याचं निदान सावलीवर होत नाही. घरात कोणाला टीबी आहे का, दोन आठवड्यांपेक्षा जास्त खोकला-ताप आहे का, वजन थांबलंय का, हे आधी. मग मॅन्टू (हातावर टोचून करायची टीबीची चाचणी) आणि सकाळी उपाशीपोटी नळीने काढलेल्या पोटातल्या पाण्याची सीबीनॅट तपासणी, म्हणजे टीबीच्या जंतूंची जनुकं शोधणारी. सरकारी यंत्रणेत ती मोफत होते. टीबीच्या गाठी फुप्फुसाच्या देठाशी असतात, हृदयाच्या माथ्यावर पसरलेल्या नसतात. या बाळाला ताप नाही, वजन वाढतंय, घरात टीबी नाही, असं असेल तर सहा महिने यकृतावर भार टाकणारी औषधं पाजायचं कारण उरत नाही. खोकल्यासाठी श्वास मोजा: बाळ शांत असताना पूर्ण एक मिनिट, पोटाकडे बघून. दोन महिने ते एक वर्ष या वयात ५० किंवा त्याहून जास्त असेल, किंवा छाती आत ओढली जात असेल, तरच न्यूमोनियाच्या वाटेने जायचं.

‘मोठ्या’ थायमसच्या भीतीने एकदा फार मोठं नुकसान केलेलं आहे. शवविच्छेदनाला पूर्वी बहुतेक देह गरिबांचे यायचे, दीर्घ आजाराने आणि उपासमारीने गेलेल्यांचे. त्यांची थायमस आक्रसलेली असायची आणि तोच आकार ‘नॉर्मल’ म्हणून पुस्तकांत गेला. मग धडधाकट बाळ अचानक दगावलं की त्याची खरीखुरी थायमस मोठी वाटायची, आणि दोष तिच्यावर. त्यातून विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात अमेरिकेत हजारो निरोगी बाळांच्या छातीवर ग्रंथी लहान करण्यासाठी किरणोपचार झाले. त्यांतल्या काहींना पुढे थायरॉइडचा कॅन्सर निघाला, तेव्हा १९५० नंतर हे थांबलं.

आता उलट बाजू, जी मला जास्त महत्त्वाची वाटते.

तीन-चार महिन्यांचं लेकरू. तोंडातली पांढरी बुरशी औषधाने जाते आणि आठ दिवसांत परत येते. जुलाब थांबत नाहीत. एक न्यूमोनिया झाला, दुसरा झाला. वजन जिथल्या तिथे. फोटोत हृदयाच्या वरची जागा रिकामी, निमुळती, सावलीच नाही. आजारपणाच्या ताणानेही थायमस दोन-चार दिवसांत आक्रसते, त्यामुळे नुसत्या रिकाम्या जागेवर निदान होत नाही. पण त्या फोटोशेजारी सीबीसी ठेवून एक साधा गुणाकार करायचा: एकूण पांढऱ्या पेशी गुणिले लिम्फोसाइटचे टक्के, भागिले शंभर. उदाहरणार्थ पांढऱ्या पेशी ५,४०० आणि लिम्फोसाइट २२ टक्के, तर येतात ११८८. मोठ्या माणसात हा आकडा चालून जातो. तान्ह्या बाळात तो धोक्याची घंटा आहे, कारण या वयात तो चार हजारांच्या वर असायला हवा. ३,००० च्या खाली दोनदा आला तर पुढची तपासणी केलीच पाहिजे. आपल्याकडच्या लॅबच्या छापील कागदावर बऱ्याचदा मोठ्यांचीच मर्यादा छापलेली असते, म्हणून ‘सीबीसी नॉर्मल’ असा शेरा पडतो आणि बाळ आणखी दोन महिने एका दवाखान्यातून दुसऱ्यात फिरतं.

असा आकडा आला तर शंका ‘स्किड’ची, म्हणजे जन्मजात तीव्र प्रतिकारहीनतेची. यात थायमसमध्ये पेशी पोहोचत नाहीत किंवा घडत नाहीत, त्यामुळे ग्रंथी चिमुकलीच राहते. पुढची तपासणी फ्लो सायटोमेट्रीची, रक्तातल्या टी, बी आणि एनके पेशी मोजण्याची. मुंबईत परळला आयसीएमआरची राष्ट्रीय प्रतिरक्षा-रुधिरविज्ञान संस्था हे काम करते. सोबत एचआयव्हीचीही तपासणी करून घ्यावी. उपचार म्हणजे अस्थिमज्जा प्रत्यारोपण, आणि ते बाळ साडेतीन महिन्यांचं होण्याआधी, मोठा संसर्ग व्हायच्या आत झालं तर निकाल फार चांगले येतात.

निदान होईपर्यंत दोन चुका जीवघेण्या ठरू शकतात. पहिली जिवंत लसींची. बीसीजी आणि पोलिओचे थेंब जन्मतःच दिले जातात, रोटाव्हायरस दीड महिन्यापासून. निरोगी बाळाला बीसीजीनंतर डाव्या काखेत गाठ येणं, ती पिकून फुटणंही क्वचित होतं आणि आपोआप मिटतं. पण स्किडच्या बाळात बीसीजीचे जंतू सगळ्या शरीरात पसरतात. म्हणून घरात आधीचं एखादं मूल, विशेषतः आईचा एखादा भाऊ किंवा आईच्या बहिणीचा मुलगा, चार-सहा महिन्यांचं होऊन वारंवार संसर्गाने गेलेलं असेल, किंवा लग्न नात्यातलं असेल आणि असा इतिहास असेल, तर बाळंतपणाच्या आधीच डॉक्टरांना सांगा आणि या लसी तपासणी होईपर्यंत थांबवा. बाकी सगळ्यांनी वेळापत्रक मोडायचं काही कारण नाही. दुसरी चूक रक्त चढवण्याची. या बाळांना किरणांनी प्रक्रिया केलेलं आणि पांढऱ्या पेशी गाळलेलंच रक्त चालतं, नाहीतर दात्याच्या टी-पेशी बाळाच्या शरीरावर हल्ला करतात. अशी पिशवी जवळच्या रक्तपेढीत लगेच मिळेलच असं नाही, म्हणून बाळ हलवण्याआधी फोन करून ठेवावा.

थायमस नसण्याचं दुसरं कारण घडणीतलं. गर्भात ती गळ्याजवळ तयार होते आणि तिथून छातीत उतरते. कॅल्शियम सांभाळणाऱ्या पॅराथायरॉइड ग्रंथी तिच्या शेजारीच घडतात, हृदयाच्या मोठ्या वाहिन्यांची घडणही त्याच सुमाराची. म्हणून २२ व्या गुणसूत्राचा छोटा तुकडा गळालेला असला की तिन्ही बिघाड एकत्र येऊ शकतात. सुमारे ४,००० जन्मांत एका बाळाला हे असतं. पहिल्या आठवड्यात झटके आणि कॅल्शियम कमी, निळसर पडणारं बाळ, टाळूत फट किंवा दूध नाकातून येणं: या तीनपैकी दोन गोष्टी असल्या तर इको (हृदयाची सोनोग्राफी) करताना थायमसही बघायला सांगा. बहुतेकांत ती थोडी लहान असते आणि टी-पेशी पुरेशा होतात. अगदीच नसणं फार दुर्मीळ. त्यांच्यासाठी थायमसच्या ऊतीचे पातळ काप वाढवून मांडीच्या स्नायूत रोवण्याचा उपचार अमेरिकेत २०२१ साली मंजूर झाला. मांडीत बसूनही ती ऊती टी-पेशी घडवते, हे मला अजूनही नवलाचं वाटतं. हृदयाच्या ऑपरेशनचा खर्च राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमातून होऊ शकतो. अंगणवाडीत येणाऱ्या पथकाकडे नाव घालून ठेवा.

पण खान्देशात थायमस आक्रसण्याचं सगळ्यात मोठं कारण यातलं एकही नाही. ते कुपोषण आहे. भुकेने शरीरातला सगळ्यात आधी आणि सगळ्यात जास्त आटणारा अवयव थायमसच. कुपोषित मुलाच्या बाबतीत तर ‘ऑपरेशनशिवाय काढलेली थायमस’ म्हणावं इतकी. धडगाव-अक्कलकुव्याच्या पाड्यांवर दंडाचा घेर ११.५ सेंमीच्या खाली असलेलं मूल साध्या जुलाबाने किंवा गोवराने का जातं, याचं एक उत्तर या आटलेल्या ग्रंथीत आहे. बोलिव्हियातल्या कोचाबांबा इथे अशा मुलांची थायमस सोनोग्राफीने आठवड्याआठवड्याला मोजली गेली. वजन साधारण महिन्याभरात भरून आलं, थायमस भरायला दोन महिने लागले. जस्त दिलेल्या मुलांत ती लवकर भरली. याचा व्यवहारातला अर्थ असा की पोषण पुनर्वसन केंद्रातून वजन भरून घरी सोडलेलं मूल दिसायला बरं असलं तरी आतून अजून उघडं असतं. पुढचे चार-सहा आठवडे त्याचा पाठपुरावा, हात धुणं, उकळलेलं पाणी, गोवराची राहिलेली लस, आणि जुलाब झाले तर जस्त: सहा महिन्यांखाली रोज १० मिग्रॅ, त्यावर २० मिग्रॅ, पूर्ण १४ दिवस. जुलाब तिसऱ्या दिवशी थांबले म्हणून गोळ्या थांबवल्या जातात, तिथेच चूक होते. उपचारासाठीचं खास अन्न चालू असेल तर त्यात जस्त आधीच असतं, वरून देऊ नये.

गांबियातल्या केनेबा भागातली नोंद तर सातपुड्याला थेट लागू पडते. तिथे पावसाळ्यातल्या टंचाईच्या दिवसांत बाळांची थायमस लहान भरली, आणि हा फरक दोन महिन्यांच्या बाळांत सगळ्यात ठळक होता. आईच्या दुधातलं इंटरल्यूकिन-७, जे थायमसला पोसतं, तेही त्या काळात कमी आढळलं. घरातली दादर ज्वारी संपलेली, नवं पीक वावरात उभं, आई निंदणीला, ही आषाढ-श्रावणातली ओढाताण आपल्याकडेही तीच. म्हणून बाळंतिणीचं खाणं हे बाळाच्या प्रतिकारशक्तीचं औषध समजून द्यावं: डाळ, अंडं, शेंगदाणे, पोटभर भाकरी. अंगावर पिणाऱ्या बाळांची थायमस वरच्या दुधावरच्या बाळांपेक्षा मोठी असते, हे डेन्मार्कमध्ये मोजून दाखवलेलं आहे.

इथेच एक गैरसमज काढून टाकतो. पावरा-भिल्ल वस्त्यांत सिकलसेलच्या मुलांना वारंवार संसर्ग होतो, त्याचं कारण थायमस नाही, निकामी झालेली प्लीहा आहे. तिथे न्यूमोकोकसची लस, पेनिसिलिन आणि तापात लगेच दवाखाना, हा वेगळा रस्ता आहे.

थायमस आटवणारी आणखी एक गोष्ट आपण स्वतःच पाजतो. सर्दी-खोकल्याला दिले जाणारे बीटामेथासोनचे थेंब आणि तापाला डेक्साचं इंजेक्शन, दोन्ही स्टेरॉइडच. पहिल्या टेबलावरच्या कोवळ्या पेशी स्टेरॉइडने झपाट्याने मरतात. क्रूप (घशाला सूज येऊन होणारा भुंकल्यासारखा खोकला), दमा, काही मेंदूज्वर अशा ठरलेल्या आजारांत ते जीव वाचवतं, तिथे बिनधास्त द्यावं आणि त्यातून थायमस भरूनही येते. पण दर महिन्याच्या सर्दीला नको. बाळाला दिलेल्या बाटलीवरचं नाव वाचा. ‘सोन’ किंवा ‘सोलोन’ने संपणारं असेल तर कशासाठी दिलंय ते विचारा.

मोठ्यांत थायमस आठवावी लागते ती मुख्यतः मायस्थेनियात. सकाळी माणूस ठीक, संध्याकाळी पापण्या खाली येतात, एकाचे दोन दिसतात, भाकरी चावता चावता जबडा थकतो, आवाज नाकात जातो, आराम केला की परत बरं. यात रक्तातली प्रतिपिंडं स्नायूंना आज्ञा पोहोचू देत नाहीत, आणि त्या बिघाडाचं मूळ बऱ्याचदा थायमसमध्ये असतं. दर दहा रुग्णांत एखाद्याला तिथे थायमोमा, म्हणजे थायमसची गाठ, असते. म्हणून निदान झालं की छातीचा सीटी करायचाच. बंद पापणीवर दोन मिनिटं बर्फाची पिशवी धरली आणि पापणी ठळक वर आली, तर संशय पक्का करायला तेवढी खूणही पुरते. पावसाळ्यात रात्री जमिनीवर झोपलेल्या माणसाच्या पापण्या पहाटे एकदम पडल्या, पोटात दुखतंय, तर तो मण्यारचा दंश समजून लगेच हलवायचा. डाग दिसला नाही तरी. मायस्थेनिया आठवड्या-महिन्यांत वरखाली होतो, मण्यारचं विष तासांत चढतं. आणि मायस्थेनियाच्या रुग्णाला तापासाठी जेंटामायसिन, अमिकासिन, सिप्रो-लिव्होफ्लॉक्सासिन किंवा अझिथ्रोमायसिन देऊन श्वास अडकू शकतो, म्हणून आजाराचं नाव लिहिलेलं कार्ड खिशात हवं. गाठ नसतानाही, प्रतिपिंडं असलेल्या रुग्णांत थायमस काढण्याचा फायदा होतो हे २०१६ च्या मोठ्या चाचणीत दिसलं.

दुसऱ्या टोकाला, मोठ्या माणसाची थायमस बिनकामाची म्हणून सहज काढू नये. २०२३ साली बोस्टनमधून आलेल्या अभ्यासात ती काढलेल्या प्रौढांत ऑपरेशननंतर पाच वर्षांच्या आतले मृत्यू ८.१ टक्के होते, तशाच पण ती न काढलेल्या रुग्णांत २.८ टक्के, कॅन्सरचं प्रमाणही दुप्पट. अशा तुलनेतून कारण सिद्ध होत नाही, पण सर्जनचा हात थोडा आखडायला एवढं पुरेसं आहे.

आता आजोबांना उत्तर. थायमस परत वाढवणारी पावडर, काढा किंवा गोळी नाही. मोबाइलवर फिरतं तसं छातीवर बोटांनी टकटक केल्याने तिला काही होत नाही, ती हाडामागे आहे. लहानपणी तिने घडवलेल्या टी-पेशी पुढे स्वतःच विभागून संख्या टिकवतात, आणि झालेल्या आजारांची आठवण ठेवणाऱ्या पेशी अनेक वर्षं राहतात. उतारवयात कमी पडतात त्या कोऱ्या पेशी, म्हणून नवा विषाणू म्हाताऱ्या माणसाला जड जातो. त्यावर उपाय म्हणजे लस आधीच घेऊन ठेवणं: दरवर्षी फ्लूची, आणि डॉक्टरांना विचारून न्यूमोकोकसची. मधुमेह आटोक्यात, तंबाखू बंद, आणि सांधेदुखीला कोणी दिलेल्या बिननावाच्या पुड्या बंद, कारण त्यांत बऱ्याचदा स्टेरॉइडच असतं.

बाळासाठी एवढंच करा. खोकला सर्दीचा असेल तर तो दोन-तीन आठवडे रेंगाळू शकतो. दूध चालू ठेवा, श्वास मोजा, दर पंधरा दिवसांनी अंगणवाडीत वजन करा. सोनोग्राफीत चांदण्या दिसल्या तर पुन्हा फोटो नको. असलेला फोटो आणि सीबीसीचा कागद लसीच्या कार्डासोबत पिशवीत जपून ठेवा. सहा महिन्यांनी दुसऱ्या कोणी फोटो काढून ‘छातीत सावली आहे’ म्हटलं, तर आधी हा जुना फोटो शेजारी लावून बघायला सांगा.